ईयोबाच्या बायकोचा चेहरा

सेंट मार्टिनच्या सणानंतरचा बुधवार, प्रभूचं वर्ष बाराशे सत्तेचाळीस

प्रिय वन्सं,

तुमच्या ओदिएर्नचा नमस्कार. मी आणि मेलिसां ठीक आहोत. थंडी पडली की तुमची कंबर आणि तुमचा राग दोन्ही वाढतात हे मला माहीत आहे, म्हणून अंडीवालीबरोबर लोकरीचा पट्टा पाठवते आहे. कमरेला बांधा. रागावर माझ्याकडे औषध नाही.

आमचं डुक्कर कापून झालं, खारवून टांगलं. मेलिसां बारा वर्षांची झाली आणि माझ्या खांद्याला लागली. हात चांगला आहे तिचा, पण बसायला नको. वर्ख लावताना श्वास रोखून धरायचा असतो आणि ही नेमकी तेव्हाच काहीतरी विचारते. काल विचारलं, "आई, बाबा परत आले तर कुठे झोपतील?" सोन्याचा अख्खा तुकडा उडून चुलीत गेला.

तर तुमच्या पत्रातल्या मुख्य गोष्टीकडे येते. सेंट अँड्र्यूच्या सणानंतरच्या सोमवारी तुमच्या भावाची, माझ्या गोबेरची, पुन्हा परीक्षा आहे, हे मला तुमच्या आधी कळलं होतं. माँपेलिएहून आलेल्या वैद्याने त्याला पाहून सांगितलं की हा महारोग नव्हेच, कोरड्या खपल्यांचा रोग आहे, उन्हाळ्यात जातो, हिवाळ्यात येतो आणि त्याने कुणी मरत नाही. तीन वर्षांत बोटं झडली नाहीत, आवाज बसला नाही, भुवया जागच्या जागी आहेत. हे सगळं बाजारात सुद्धा बोलतात. पण वन्सं, उगाच आशेवर राहू नका. मागच्या वेळी आपल्या वैद्याची सुई टोचली तेव्हा तो कधी ओरडला, कधी नाही. परीक्षकांत दोन मतं पडली होती. मग ओळखीच्या एका माणसाने बंद खोलीत शपथेवर सांगितलं की गोबेरच्या पाठीला टोचलेलं कळत नाही, आणि निकाल लागला. ती साक्ष जोवर उभी आहे तोवर या परगावच्या वैद्याचं कोण ऐकणार? आणि साक्ष देणाऱ्याचं नाव परीक्षक सांगत नाहीत, तसा नियमच आहे.

मी तीन वर्षांत एकदाही तुमच्या महारोग्यांच्या घराच्या फाटकापाशी आले नाही, हे तुम्ही दर पत्रात लिहिता. या वेळी दोनदा लिहिलंत. वाचलं.

आता माझं काम. पाद्री जोस्लां परवा स्वतः दुकानात आले, काखेत एक पोथी. व्हिनेगर आणि धुराचा असा वास की मेलिसां शिंकत सुटली. उघडून बघते तर आमचीच पोथी! देवाने ज्याची परीक्षा पाहिली त्या ईयोबाची कथा आणि तिचा अर्थ. तुमचा भाऊ तिकडे जायच्या आधीच्या हिवाळ्यात आम्ही दोघांनी केलेली, अक्षर त्याचं, चित्रं माझी. तुमच्या वेशीबाहेरच्या घराला पाद्रीबाबांनी ती दान दिली होती हे मला माहीत होतं; तिथली म्हणूनच व्हिनेगर आणि धुरी देऊन आणली होती. पण तीन वर्षांत तिची काय दशा झाली आहे! कडा काळ्या, मेणाचे डाग. आणि ज्या पानावर ईयोब उकिरड्यावर बसला आहे आणि त्याची बायको काठीच्या टोकाला पाव खोचून त्याच्यापुढे धरते आहे, त्या पानावर बायकोचा चेहरा नाही. पार पुसून गेला आहे. पानाचं कोरं कातडं दिसतं.

सैतानाला लोक नखाने खरवडतात, ते आम्हा चित्रकारांना नवीन नाही. भाविक माणसं आहेत, राग येतो. त्या पानावरचा सैतानही खरवडलेला आहे. पण हा चेहरा खरवडलेला नाही, घासून घासून नेलेला आहे.

पाद्रीबाबा खूश होते. म्हणाले, "बघा ओदिएर्नबाई, अडाणी महारोग्यांनासुद्धा कळलं ही कोण आहे ते. सैतानाने ईयोबाची गुरं नेली, दहा पोरं नेली, कातडी नेली. बायको का नाही नेली? कारण ती त्याचीच माणूस होती. तिनेच सांगितलं ना नवऱ्याला, देवाला दोन शब्द सुनाव आणि मर एकदाचा म्हणून! तुम्ही तिला फार सौम्य रंगवलं होतंत."

पाद्री लग्न करत नाहीत ते बरंच आहे, असं माझ्या मनात आलं.

त्यांच्या लेखी त्या कथेला तीन मजले आहेत. खालच्या मजल्यावर घडलेली गोष्ट. मधल्यावर ईयोब म्हणजे प्रभू, फोड म्हणजे आपली पापं, त्याला दोष द्यायला आलेले तीन मित्र म्हणजे खोटी शिकवण देणारे. आणि सगळ्यात वर आपण कसं वागावं ते. तिन्ही मजल्यांवर बायको एकच: देह. कुरकुरणारा, भुलवणारा. आता मी तिला नवा चेहरा द्यायचा, नाकावर पदर धरलेला, कपाळाला आठ्या, आणि तिच्या कानाशी सैतान. पोथी सेंट अँड्र्यूच्या सणापर्यंत हवी. परीक्षकांत पाद्री जोस्लां आहेत हे तुम्हाला माहीत असेलच. दाराशी थांबून म्हणाले, "ईयोबाने सोसलं, आणि परीक्षा पुन्हा घ्या म्हणून अर्ज केला नाही."

वन्सं, मला एवढंच विचारायचं आहे. तो चेहरा कुणी पुसला? तुमच्या भावाने का? तो चेहरा माझा आहे हे त्याला ठाऊक आहे. मी समोर कथलाची ताटली धरून माझंच तोंड बघून तो काढला होता, दुसरं कुठलं तोंड फुकट मिळणार? तेव्हा तो हसला होता, म्हणाला होता, "पाव देतेस तेव्हा तरी जरा गोड चेहरा कर." त्यानेच पुसला असेल तर का, तेही लिहा. त्याच्या कानावर माझ्याबद्दल काही आलं आहे का? लवकर लिहा. अंडीवाली शनिवारी परत येते.

तुमची,
ओदिएर्न

*

सेंट सिसिलियाच्या सणाचा दुसरा दिवस

प्रिय वन्सं,

पत्र पोचलं. पट्टा आखूड झाला म्हणून लिहिलंत, तर तो वाढवून देईन. तुमची कंबर वाढली असं मी म्हणणार नाही.

तुमच्या पत्राचा पहिला अर्धा भाग मी उभ्यानेच वाचला. दुसरा भाग वाचायला बसावं लागलं.

कुणी पुसलं नाही म्हणता. ओठांनी गेलं म्हणता.

मी पोथी पुन्हा उजेडात धरली. खरंच आहे. घासलेलं असतं तर रंग कडेला साचला असता. हा मधूनच विरत गेला आहे, संतांच्या चित्रांचे पाय विरतात तसा. वीस वर्षं या धंद्यात काढून मला चुंबन घेतलेला चेहरा ओळखता आला नाही. मला दिसला तो रागच दिसला.

तुम्ही लिहिलंत ते मी मेलिसांला वाचून दाखवलं, म्हणजे थोडं. दर रविवारी प्रार्थनेनंतर पोथी हातोहात फिरते आणि सगळे ईयोबाला सोडून त्याच्या बायकोच्या तोंडाचा मुका घेतात. तुमच्याकडची ती म्हातारी म्हणते, "ईयोबाचा मुका कशाला? तो आपल्यासारखाच, आपला आपण घेतल्यासारखं होईल. ही बघा, काठीएवढी जवळ आली! माझा नवरा फाटकावरून परतला, माझी लेक फाटकापर्यंतही नाही आली." मरून जा म्हणाली त्याचं काय, असं कुणीतरी विचारलं तर म्हातारी म्हणाली, "मग? तिला बघवेना. माझ्या माणसाला माझं बघवलं नसतं तर मला बरं वाटलं असतं."

हे मी पाद्री जोस्लांना सांगितलं. चूक झाली. आधी त्यांनी हात झटकले, जणू पोथी अजून त्यांच्याच हातात आहे. मग म्हणाले, "अर्थ न कळणाऱ्यांच्या हाती पोथी दिली की असं होतं. सैतानाच्या हस्तकाला संत करून बसले! म्हणूनच म्हणतो बाई, चेहरा असा काढा की पुन्हा कुणाला ओठ टेकवावेसे वाटणार नाहीत." जाता जाता त्यांनी दुसरंही एक विचारलं. त्याबद्दल नंतर.

शेजारची यहुदी बेलासेझ धागा परत करायला आली होती, तिने दारातूनच पान पाहिलं. ती आमची चित्रं हातात घेत नाही, पण बघायला चुकत नाही. पाच वर्षांपूर्वी पॅरिसला तिच्या वडिलांच्या पोथ्या गाड्या भरभरून जाळल्या, तेव्हापासून तिला कुठलीही पोथी दिसली की ती आधी शिवण बघते, धड आहे का ते. तिला म्हटलं, तुमच्यात काय म्हणतात या ईयोबाबद्दल? म्हणाली, "कुणाला विचारशील त्यावर आहे. माझे वडील म्हणायचे हा माणूस कधी जन्मलाच नाही, शिकवण्यासाठी रचलेली गोष्ट आहे. आई म्हणायची, रचली असेल, पण रचणाऱ्याच्या घरी कुणीतरी मेलं असणार." मग म्हणाली, "आणि ती दहा पोरं काय एकट्या त्याची होती?" धागा ठेवून गेली.

वन्सं, तुम्ही लिहिता की हे मुके घेण्याचं तुमच्या भावाने सुरू केलं. त्यानेच सगळ्यांना सांगितलं की चितारणारीने स्वतःचा चेहरा दिला आहे, ही माझी ओदिएर्न आहे. तो म्हणतो, ती येत नाही कारण तिला पोरीला सांभाळायचं आहे, दुकान सांभाळायचं आहे, आणि तेच बरोबर आहे. तो म्हणतो, परीक्षेच्या दिवशी ती येईल. तुम्ही यावर एक शब्दही स्वतःचा लिहिला नाहीत. तुमचं गप्प राहणं मला तुमच्या टोमण्यांपेक्षा जास्त लागतं.

आणि त्याचा तो निरोप. ओदिएर्नला म्हणावं, ज्याने तेव्हा साक्ष दिली त्या माणसाला शोध. त्याच्यावर माझा राग नाही, त्याला खरंच तसं वाटलं असेल, माणूस भितो. त्याच्या पाया पड आणि सांग, एवढी साक्ष मागे घे.

शोधते म्हणावं.

पण त्याला हेही सांगा की ते सोपं नाही. संतांच्या पवित्र अवशेषांवर हात ठेवून घेतलेली शपथ खोटी होती असं कबूल करणाऱ्याला इथे काय करतात ते सगळ्यांना माहीत आहे. अंगात नुसता सदरा घालून चाळीस दिवस चर्चच्या दारात उभं राहायचं. त्याचा शब्द पुन्हा कुणी धरत नाही, त्याला आमच्या कारागिरांच्या संघातून काढतात, चर्चचं काम तर जन्मात मिळत नाही. असा कोण मूर्ख पुढे येईल? त्या माणसालाही घर असेल. त्यालाही मूल असेल. मी कुणाची बाजू घेत नाही, जे आहे ते लिहिते आहे.

आणि परीक्षेला मी येऊ शकेन असं वाटत नाही. मेलिसांला खोकला आहे. चेहरा अजून काढलेला नाही. दोनदा सफेदा कालवला आणि दोन्ही वेळा रंगाच्या शिंपल्यात वाळून गेला.

एक विचारते. त्याने कधी एका रविवारबद्दल काही सांगितलं आहे का? आमच्या मागच्या अंगणातला, पास्काच्या, ईस्टरच्या सणाआधीचा एक रविवार. सहज विचारते. सांगितलं नसेल तर तुम्हीही विचारू नका.

ओदिएर्न

*

सेंट अँड्र्यूचा सण, शनिवार

वन्सं,

तो माणूस सापडला. ती मी आहे.

आता हे पत्र खाली ठेवू नका. शेवटपर्यंत वाचा, मग काय शिव्या द्यायच्या त्या द्या. एकटीने वाचा.

त्या हिवाळ्यात मला त्याच्या पाठीवर पहिला चट्टा दिसला तेव्हा तो बाजारातल्या लहानातल्या लहान नाण्याएवढा होता. त्याला आधीच माहीत होता. माझ्यापासून लपवून तो अंगरखा घालून झोपत होता, आणि आमच्या दोघांच्या मधे मेलिसां. मी विचारलं तर म्हणाला, "शाईचं खाजतंय." शाई पाठीला लागते का हो? मी न्हावीणबाईला विचारलं, नाव न घेता. ती म्हणाली महारोग असेल, खपलीही असेल, पास्कापर्यंत थांब, चरबी लाव. मी थांबणार होते. पण चट्ट्याचे तीन झाले, आणि तो रोज संध्याकाळी मेलिसांला मांडीवर घेऊन अक्षरं गिरवायला लावायचा, तिचा हात स्वतःच्या हातात धरून. मी रंग घोटत त्यांच्याकडे बघायची. मी त्याला म्हटलं, तिला दूर ठेव. तो म्हणाला, "वेडी आहेस." पुढच्या संध्याकाळी पुन्हा मांडीवर.

मग तो रविवार. प्रार्थना करून आलो होतो, ऊन पडलं होतं. तो अंगणात बाकावर पालथा पडला, अंगरखा वर सरकलेला, डोळा लागलेला. आणि मी आत जाऊन त्याची टोचणी आणली. ओळी आखायला पानाच्या कडेला भोकं पाडतात, ती. त्याचीच.

मी टोचलं. मोठ्या चट्ट्याच्या मधोमध.

वन्सं, तो ओरडला. "ओय!" असा. दचकून उठला, माझ्या हातातली टोचणी बघितली आणि हसायला लागला. म्हणाला, "काय गं, माझ्यावरही ओळी आखतेस का?" पाठीवर रक्ताचा एक थेंब होता, तो त्याने बोटाने पुसला आणि परत झोपला. त्याला वाटलं मी गंमत केली.

त्याच आठवड्यात चट्ट्यांची कुणकुण लागून त्याची परीक्षा झाली, मतं दोन पडली, आणि गुरुवारी पाद्री जोस्लांनी मला बोलावलं. बंद खोलीत तिघे परीक्षक होते. मी अवशेषांच्या पेटीवर हात ठेवला आणि म्हणाले, तो झोपलेला असताना मी त्याला टोचलं, तो हललाही नाही.

का, ते मला तीन वर्षांत नीट सांगता आलेलं नाही, तुम्हालाही सांगता येणार नाही. मेलिसांसाठी, हे खरं आहे. त्या खोलीत जाताना वाटेत मी स्वतःला पटवलं होतं की माझी टोच कडेला लागली, कडेची कातडी जिवंत असते, मधली मेलेली असणार. टोच मधोमध लागली होती. मी चित्रकार आहे, केसाएवढी रेघ चुकत नाही माझी. आणि दुसरंही आहे, तेही लिहून टाकते, म्हणजे माझ्या पोटात काही उरणार नाही. आमच्या दुकानातून पोथी बाहेर पडली की लोक म्हणायचे, गोबेरची पोथी. तो गेला आणि पाद्रीबाबांनी पहिलं काम माझ्या नावाने दिलं, तेव्हा मी रडत होते आणि मला बरंही वाटलं. दोन्ही एकाच दिवशी.

चर्चमध्ये त्याच्या पायांवर फावड्याने माती टाकली, मेलेल्यासाठी म्हणतात ती प्रार्थना जिवंतपणी म्हटली. लोकांनी दूर व्हावं म्हणून वाजवायचा खुळखुळा त्याला दिला, वाडगा दिला, हातमोजे दिले. तुम्ही त्याच्यामागोमाग चालत गेलात, कायमच्या. मी बायकांच्या घोळक्यात उभी होते. दारातून बाहेर पडताना तो वळला आणि माझ्याकडे बघून त्याने मान हलवली, काळजी करू नकोस अशी. म्हणून मी फाटकाशी आले नाही. माझ्याकडे येण्यासारखं तोंड नव्हतं. पोरीची कारणं, दुकानाची कारणं, सगळी तुमच्यासाठी केलेली.

काल पाद्री जोस्लांकडे पोथी परत नेऊन दिली. चेहरा काढलेला नाही. ते म्हणाले, "हे काय?" म्हटलं, या बाईचं तोंड मला येत नाही, दुसऱ्या कुणाकडून काढून घ्या. मग त्यांनी पुन्हा तेच विचारलं जे मागच्या खेपेला दारात विचारलं होतं, आणि जे मी तुम्हाला लिहायचं टाळलं: "तुमची साक्ष कायम आहे ना?" मागच्या वेळी मी गप्प राहिले होते आणि त्यांनी ते हो धरलं होतं. या वेळी म्हणाले, "गप्प राहिलात तरी चालेल. चांगली बायको बोलत नाही. त्याला तिथेच सोसू द्या, त्याच्या आत्म्याचं कल्याण आहे त्यात. तुमच्या दुकानाचंही." आवाज चढवला नाही, अगदी मायेने म्हणाले. त्यांना खरंच तसं वाटतं, हेच भयंकर आहे. ईयोबाचा तिसरा मजला माझ्या नवऱ्याच्या पाठीवर बांधायला निघाले आहेत.

मी म्हटलं, सोमवारी परीक्षकांपुढे सांगेन. मी काय सांगणार ते त्यांना कळलं असं मला वाटतं. आज सकाळपासून दुकानापुढून त्यांचा नोकर दोनदा गेला. म्हणून हे पत्र आजच पाठवते आहे, आणि अंडीवालीबरोबर नाही. बेलासेझ स्वतः घेऊन येईल. तिला फाटकाशी ताटकळत ठेवू नका, तिला अंधार पडायच्या आत आपल्या गल्लीत परतायचं असतं.

आज सकाळी मेलिसांला सगळं सांगितलं. आधी तिला कळलं नाही. मग म्हणाली, "म्हणजे बाबांना काहीच झालं नव्हतं?" मी म्हटलं, खपल्या झाल्या होत्या. ती उठली आणि बेलासेझकडे जाऊन बसली. अजून आलेली नाही. जेवायला हाक मारली तर आतून उत्तर आलं, "मला भूक नाही, बाई." आई नाही म्हणाली.

आता काय करायचं ते लिहिते, नीट वाचा.

सोमवारी मी येणार आहे. पण सोमवारपर्यंत काहीही होऊ शकतं. मला येऊ दिलं नाही, माझी जीभ लुळी पडली, किंवा मीच पुन्हा भ्याले (माझा भरवसा मला नाही, तुम्ही तर मुळीच धरू नका), तर हे पत्र परगावच्या त्या वैद्याच्या हाती द्या आणि सगळ्यांसमोर मोठ्याने वाचायला लावा. अक्षर माझं आहे हे पाद्री जोस्लां नाकारू शकणार नाहीत, त्यांच्याकडे माझ्या हातच्या वीस पावत्या आहेत.

पण त्याआधी एक. आज, उशीर न करता, गोबेरला हे वाचून दाखवा. परीक्षकांच्या खोलीत, परक्या तीन माणसांसमोर त्याने हे पहिल्यांदा ऐकू नये. तिथे तो माझ्याकडे बघून पुन्हा मान हलवेल आणि मग मला काही बोलता येणार नाही. वाचताना मधे थांबू नका. मी लिहिलेलं सौम्य करून सांगू नका, त्याला तुमचा आवाज बदललेला कळतो. तो काय म्हणाला ते मला लिहू नका. मला ते ऐकून मग बोलायचं नाही. तो माफ करतो म्हणून मी खरं बोलले असं नको, आणि तो थुंकला म्हणून बोलले नाही असंही नको.

तो सुटला तर घर त्याचं आहे. खाट हवा खाऊन तयार आहे, त्याची लेखणी, शाईचं शिंग, सगळं जागच्या जागी आहे. मी तिथे असावं की नसावं ते तो ठरवेल. चाळीस दिवस मला राहायला चर्चचं दार आहेच, पुढचं पुढे बघू. मेलिसांला त्याच्या हवाली करा. तिला ती अर्धवट राहिलेली अक्षरं शिकवायला सांगा.

वन्सं, आयुष्यभर तुमचं माझं जमलं नाही. तुम्ही मला गर्विष्ठ म्हणायचात, मी तुम्हाला खडूस म्हणायची, तोंडावर नव्हे. पण तीन वर्षं तुम्ही त्याच्या जखमा धुतल्यात, आणि त्या मी केल्या होत्या. तुमच्याकडे माफी मागायची माझी लायकी नाही. तुम्ही मला वहिनी म्हणणं सोडलंत तर मी समजेन.

खालचा मजकूर वेगळ्या ओळींवर लिहिते आहे, म्हणजे परीक्षकांना शोधायला नको.

मी, ओदिएर्न, चित्रकार, लेखनिक गोबेरची बायको, कुणाच्या धाकाशिवाय शपथेवर सांगते, की तीन वर्षांपूर्वी पास्काआधीच्या उपासांत, लेंटमध्ये, मी दिलेली साक्ष खोटी होती. मी टोचलं तेव्हा माझा नवरा ओरडला. त्याला दुखलं होतं आणि मी ते ऐकलं होतं.